ओवणं आणि गुंफणं

आईच्या उजव्या हाताचा अंगठा तर्जनीला टेकतो, पण धरत नाही. वरवर पाहणाऱ्याला हे कळत नाही. ती चहाचा कप उचलते, दाराची कडी काढते, देवासमोर हात जोडते. एकदा डॉक्टरांनी माझ्यासमोर तिच्या त्या दोन बोटांत कागदाचा कपटा दिला आणि म्हणाले, "घट्ट धरा हं, मी ओढणार." तिने ओठ दाबून, सगळा जीव बोटांत आणून तो धरला. त्यांनी ओढला आणि कागद अलगद निघून आला. आई त्या कागदाकडे बघत राहिली. मग हात पदराखाली घेतला.

गेल्या काही महिन्यांत ओळखीतल्या तिघाचौघांनी मला एकच प्रश्न विचारला. अपघाताची भरपाई कमी मिळाली तर वरच्या कोर्टात जावं का? मी वकील नाही, प्राथमिक शाळेत शिकवते. पण आईच्या दाव्याबरोबर सात वर्षं चालले, कागद वाचायला शिकले, आणि त्या कागदांत आईचा हात कुठे हरवला तेही मला सापडलं. म्हणून लिहिते आहे.

आम्ही गोव्यातल्या म्हार्दोळजवळचे. म्हाळसेच्या देवळाबाहेर, फोंडा-पणजी रस्त्याच्या कडेला, संध्याकाळी टोपल्यांतून जाईच्या फांत्या घेऊन बायका बसतात, त्यांतली एक माझी आई. फांती म्हणजे फुलांची गुंफलेली सर. वेणीत माळायची, देवाला घालायची. जाईच्या कळ्या दुपारी, उमलायच्या आधीच खुडाव्या लागतात. केळीच्या सोपाचा दोरा पाण्यात भिजवून मऊ करायचा. मग कळ्या जोडीने घ्यायच्या, एक जोड या बाजूला, एक त्या बाजूला, दोऱ्याचा फास टाकायचा आणि उजव्या अंगठ्या-तर्जनीच्या चिमटीत तो ओढायचा. सगळं कसब त्या ओढण्यात आहे. जास्त ओढला तर देठ चेपतो आणि कळी उमलायच्या आधीच मलूल होते. कमी ओढला तर गिऱ्हाईक घरी पोचेपर्यंत अर्धी फांती वाटेत सांडते. आई बोलता बोलता, दुसरीकडे बघत गुंफायची. मी अभ्यास करत असताना तिच्या बोटांचा एक बारीक चट्‌ आवाज यायचा, एका लयीत, पावसाळ्यातल्या पागोळीसारखा. पावसात जाई, एरव्ही अबोली, सणासुदीला शेवंती. जायांच्या पूजेच्या दिवसांत तर घरातल्या कुणाला वेळेवर जेवण मिळायचं नाही. मोसमात दिवसाला पस्तीस-चाळीस फांत्या तिच्या हातून व्हायच्या. माझी बी. एड. ची फी त्या फांत्यांतून गेली, हे मी इथे मुद्दाम नोंदवून ठेवते.

2016 च्या नोव्हेंबरात एका संध्याकाळी ती टोपली घेऊन रस्त्याच्या कडेला उभी असताना मागून आलेल्या चारचाकीने तिला उडवलं. ती उजव्या हातावर पडली. 108 ची गाडी आली, बांबोळीच्या सरकारी इस्पितळात नेलं. मनगटाचं हाड तीन ठिकाणी मोडलं होतं आणि अंगठ्याकडे जाणारी शीर तुटली होती. पट्टी, स्क्रू, दोन शस्त्रक्रिया. तेव्हा ती 47 वर्षांची होती. या भागाबद्दल मला यापेक्षा जास्त लिहवत नाही.

मोटार वाहन कायद्याच्या 166 व्या कलमाखाली आम्ही अपघात दाव्यांच्या न्यायाधिकरणात भरपाईचा दावा लावला. मागणी सहा लाखांची. पोलीस पंचनामा स्पष्ट होता, गाडीचा विमा चालू होता, चूक कुणाची यावर फारसा वाद झाला नाही. वाद झाला तो आईच्या हाताच्या किमतीवर. 2019 मध्ये निवाडा आला: एकूण 1,58,700 रुपये आणि व्याज.

तो आकडा कसा आला ते सांगते, कारण पुढचं सगळं त्यावर उभं आहे. आईचं उत्पन्न धरलं महिना 5,000 रुपये. वर्षाचे झाले 60,000. वय 47, म्हणून गुणक 13. हा गुणक वयावर ठरतो; सर्वोच्च न्यायालयाने 2009 मध्ये सरला वर्मा खटल्यात त्याचा तक्ता घालून दिला आहे, 46 ते 50 वयाला 13. मग अपंगत्वाचा टक्का. वैद्यकीय मंडळाच्या दाखल्यात उजव्या हाताचं कायमचं अपंगत्व 24 टक्के लिहिलं होतं. एका हाताचे 24 म्हणजे सगळ्या शरीराचे त्याच्या तिसऱ्या हिश्श्याने 8, असं धरलं गेलं. साठ हजार गुणिले तेरा, त्याचे आठ टक्के: 62,400. उरलेल्यात औषधपाण्याची बिलं 41,300, तीन महिन्यांची बुडालेली कमाई 15,000, वेदनांसाठी 30,000, सकस आहार आणि जाण्यायेण्यासाठी 10,000.

मी तो निवाडा आईला मराठीत वाचून दाखवला. आकडे ऐकताना ती गप्प होती. एका ओळीपाशी मात्र तिने मला थांबवलं. तिथे लिहिलं होतं की अर्जदार ही गृहिणी असून फावल्या वेळात फुलं विकते.

"फावल्या वेळात?" आई म्हणाली. "मला फावला वेळ कधी होता गो?"

अपिलाची सुरुवात तिथे झाली असं मी मानते.

घरात मात्र लगेच एकमत झालं नाही. मामा म्हणाला, मिळालंय ते पदरात पाडून घ्या, कोर्टाची पायरी चढून कुणाचं भलं झालंय? शेजारची काकी म्हणाली, वाढवून मागायला जाल आणि आहे तेही जाईल. बाबांचं म्हणणं सगळ्यांत जड होतं. ते म्हणाले, "परत मागायला गेलो तर लोक म्हणतील, बायकोच्या हाताचे पैसे करतोय." अपघाताची भरपाई मागणाऱ्या प्रत्येक घरात हे वाक्य कुणी ना कुणी बोलतं. मला ते पटत नाही, तेव्हाही पटलं नाही. हात परत मिळणार असता तर कुणी पैसे मागितले नसते. पैसा हाच एक कागद आहे ज्यावर न्यायालय त्या हाताबद्दल काही लिहू शकतं.

ओळखीतून आम्ही एका वकीलबाईंकडे गेलो. त्यांनी आधी कागद मागितले, निवाड्याची प्रमाणित प्रत, साक्षी, दाखला, बिलं, सगळं. पंधरा दिवसांनी बोलावलं. म्हणाल्या, "किती वाढेल ते मी सांगणार नाही. पण तुमच्या आईचं काम या फायलीत कुणी नीट वाचलेलंच नाही."

आमच्या भीतीला त्यांनी एकेक करून उत्तर दिलं. निवाड्यापासून 90 दिवसांत उच्च न्यायालयात अपील करता येतं, कलम 173. उशीर झाला तर सबळ कारण द्यावं लागतं, तेव्हा उशीर करूच नये. विमा कंपनीने भरलेली रक्कम उचलली तर अपिलाचा हक्क जातो, असं गावात सगळे सांगत होते. ते खरं नाही, रक्कम उचलूनही वाढीसाठी अपील करता येतं, आम्ही तसंच केलं. आहे ते जाईल का? फक्त आपलंच अपील असेल तर आपली रक्कम कमी होण्याची भीती नसते, पण नोटीस मिळाल्यावर समोरचेही उलट हरकत दाखल करू शकतात, आणि मग सगळी रक्कमच पुन्हा वादात येते. हे त्यांनी लपवलं नाही. त्यामुळेच माझा त्यांच्यावर विश्वास बसला.

मग त्यांनी आईची उलटतपासणी माझ्यासमोर ठेवली. इंग्रजीत टंकलेलं एक पान. त्यावर पेन्सिलने एका वाक्याखाली रेघ होती: "हे खरे आहे की मी आजही फुले ओवू शकते."

मी आईकडे वळून विचारलं, तू असं म्हणालीस?

आई आठवू लागली. विमा कंपनीच्या वकिलांनी अगदी नम्रपणे कोंकणीत विचारलं होतं, सुईने फुलं ओवता येतात ना तुम्हाला? ती म्हणाली होती, "येता." एवढंच. शपथेवर होती, खोटं कसं बोलणार? मोठं दाभण डाव्या हातात घेऊन झेंडूची फुलं तिला ओवता येतात, दसऱ्याला दाराचं तोरण तिने तसंच केलं होतं. तिला वाटलं, पुढे विचारतील, मग सांगू की ओवणं वेगळं आणि गुंफणं वेगळं. पुढे कुणी विचारलं नाही. आमच्या त्या वेळच्या वकिलांनीही फेरतपासणी घेतली नाही.

साक्ष अशीच लिहिली जाते. प्रश्न कागदावर येत नाही, उत्तर तेवढं सलग निवेदनासारखं येतं, आणि वकिलाचं सगळं वाक्य साक्षीदाराच्या तोंडी जातं. आई बोलली एक शब्द, तोही कोंकणीत. कागदावर उतरलं पूर्ण इंग्रजी वाक्य, "मी"पासून सुरू होणारं. त्यात सुई नव्हती. आणि इंग्रजीत ओवणं आणि गुंफणं दोन्हीला एकच शब्द वापरला होता. निवाड्यात पुढे याच वाक्याचा आधार घेऊन म्हटलं होतं की अर्जदार आपला व्यवसाय आजही करू शकते, सबब कमाईच्या क्षमतेची हानी आठ टक्क्यांहून अधिक नाही.

मी त्या रात्री झोपले नाही. मी शाळेत मुलांना भाषा शिकवते. ओवी आणि ओवणं, गुंफणं आणि गुंतणं, हे शब्द फळ्यावर लिहून फोड करून सांगते. आणि माझ्या आईचा धंदा एका क्रियापदात बुडाला तेव्हा मी न्यायालयाच्या बाकावर तिच्या मागेच बसले होते, आणि मलाही काही खटकलं नव्हतं.

अपिलात नवीन पुरावा सहसा देता येत नाही. खालच्या फायलीत जे आहे तेच वर वाचलं जातं. हे मला आधी कुणी सांगायला हवं होतं, म्हणून इथे ठळकपणे सांगते: अपील जिंकायचं असेल तर त्याची तयारी दाव्याच्या पहिल्या दिवसापासून करावी लागते. सुदैवाने आमच्या फायलीत दोन गोष्टी होत्या. एक, देवळाजवळच्या दुकानदार काकांची साक्ष. त्यांनी सांगितलं होतं की ही बाई मोसमात रोज पस्तीस-चाळीस फांत्या आणायची, अपघातानंतर एकही आणली नाही. त्यांना उलटतपासणीत फारसं काही विचारलंच गेलं नव्हतं. दुसरी, डॉक्टरांची साक्ष. कागद ओढण्याची ती परीक्षा त्यांनी शपथेवर सांगितली होती. चिमटीची पकड जवळजवळ गेली आहे, बारीक वस्तू घट्ट धरणं या हाताने होणार नाही, मोठी वस्तू उचलता येईल. ही दोन पानं खालच्या निवाड्यात एकेका ओळीत संपली होती.

आणि नव्हतं ते बिलांचं. खाजगी फिजिओथेरपीच्या किती तरी पावत्या आम्ही घेतल्याच नाहीत. बाबा म्हणायचे, ओळखीचा माणूस आहे, पावती काय मागायची. रिक्षाचे पैसे, मदतीला ठेवलेल्या मुलीचा पगार, काहीच लिहून ठेवलं नाही. साधारण सत्तर हजारांच्या वर खर्च झाला होता, सिद्ध झाले 41,300. ते वरच्या न्यायालयातही 41,300 च राहिले. कुणाच्या घरी असा प्रसंग आला तर मी आता पहिल्यांदा एक वही आणि बिलं ठेवायला एक डबा नेऊन देते.

टक्क्याबद्दल थोडं सविस्तर लिहायला हवं, कारण सगळ्यांत जास्त माणसं तिथे अडकतात. दाखल्यावरचा टक्का एका अवयवाचा असतो. संपूर्ण शरीराचा टक्का वेगळा. आणि कमाई किती टक्के बुडाली, ही तिसरीच गोष्ट. ती डॉक्टर ठरवत नाहीत, न्यायाधिकरणाने ठरवायची असते, माणूस काय काम करत होता ते बघून. सर्वोच्च न्यायालयाने 2010 च्या ऑक्टोबरात राजकुमार विरुद्ध अजय कुमार या खटल्यात हे इतक्या सोप्या शब्दांत सांगितलं आहे की वकीलबाईंनी वाचून दाखवलं तेव्हा आईलाही कळलं. डावा हात तुटला तर दाखल्यावर साधारण 60 टक्के येतील. पण तो माणूस ड्रायव्हर किंवा सुतार असेल तर त्याची कमाई जवळजवळ शंभर टक्के गेली. सरकारी कारकून असेल तर कदाचित त्याची नोकरी टिकेलही. हात तोच, नुकसान वेगळं.

त्याच निकालात आणखी एक परिच्छेद आहे जो मी वहीत उतरवून ठेवला. तो अर्जदार रस्त्यावर माल विकणारा होता, अपघात 1991 चा. उत्पन्नाचा पुरावा नाही म्हणून खाली त्याची कमाई महिना 900 रुपये धरली होती. सर्वोच्च न्यायालय म्हणालं, रस्त्याकडेच्या विक्रेत्याने हिशेबाची वही आणि कागदपत्रं ठेवावीत ही अपेक्षाच अवघड आहे, आणि दिवसाला 50 म्हणजे महिना 1,500 धरले. हे ऐकून आई म्हणाली, "म्हणजे आमच्यासारख्यांबद्दल तिथे आधीच कुणीतरी बोललंय." 2014 मध्ये एका भाजीविक्रेत्याच्या खटल्यातही न्यायालयाने कागद नसताना त्याचं उत्पन्न 6,500 धरलं होतं, त्याचा पाय गेला होता आणि कमाईची हानी 85 टक्के मानली होती.

अपील दाखल झालं तेव्हा उच्च न्यायालय पणजीत आल्तिनोला होतं. मग टाळेबंदी आली. तारखा पुढे जात राहिल्या. 2021 मध्ये न्यायालय पर्वरीच्या नव्या इमारतीत गेलं आणि आईची फाईलही मांडवी ओलांडून पलीकडे गेली. आम्ही म्हार्दोळहून बसने पणजी, तिथून म्हापशाच्या बसने पर्वरी असे जाऊ लागलो. प्रत्येक तारखेला पक्षकाराने जायची गरज नसते, वकीलबाई तसं सांगायच्या. आई तरी यायची. म्हणायची, आपलं नाव पुकारतील तेव्हा आपण तिथे असावं.

त्या लांबलेल्या वर्षांत एक गोष्ट आमच्या बाजूने घडली. कायदा थांबून राहिला नाही. भविष्यात कमाई वाढली असती हे धरून उत्पन्नात भर घालायची रीत 2017 च्या प्रणय सेठी निकालाने पक्की केली होती; स्वतःचा धंदा असलेल्याला चाळिशीच्या आत 40 टक्के, चाळीस ते पन्नासला 25, पन्नास ते साठला 10. पण तो खटला मृत्यूचा होता, आणि आईच्या निवाड्यात ही भर धरली नव्हती. 2020 च्या सप्टेंबरात पप्पू देव यादव खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट सांगितलं की जखमी होऊन कायमचं अपंगत्व आलेल्यालाही ही भर नाकारता येणार नाही. वकीलबाईंनी मला रात्री फोन करून सांगितलं. पाठोपाठ 2021 च्या जानेवारीत कीर्ती खटल्याचा निकाल आला. त्यात न्यायमूर्ती रमणा यांनी घरकामावर लिहिलं आहे. सरकारी वेळ-सर्वेक्षणाचा आधार घेऊन ते म्हणतात की बाई दिवसाला सरासरी 299 मिनिटं बिनपगारी घरकामात घालवते, पुरुष 97. घरकाम करणाऱ्या बाईच्या श्रमाला पैशात मोल लावणं हा तिच्या श्रमाचा मान आहे, असा त्याचा आशय.

आईच्या बाबतीत हे दोन्ही होतं, धंदाही आणि घरही. नारळ खवणं तिने सोडलं. माशाची खवलं काढणं बाबा करायला शिकले. धुतलेले कपडे घट्ट पिळले जात नाहीत म्हणून पावसात दोन दोन दिवस दांडीवर ओले राहतात. हे कुठल्या दाखल्यात येत नाही. तिच्या साक्षीत मात्र एक ओळ होती, "घरची कामे मला पूर्वीसारखी जमत नाहीत." खाली ती ओळ कुणी वापरली नव्हती.

सुनावणी 2023 मध्ये झाली. मला वाटलं होतं दिवसभर चालेल. अर्ध्या तासाच्या आत संपली. समोरचे वकील म्हणाले, अर्जदाराने स्वतः मान्य केलं आहे की ती फुलं ओवते. वकीलबाई उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, ते वाक्य डॉक्टरांच्या साक्षीशेजारी ठेवून वाचावं. मग त्यांनी दुकानदार काकांच्या साक्षीचं पान उघडलं. जी बाई रोज चाळीस फांत्या आणायची तिने अपघातानंतर एकही का आणली नाही, याला समोरून उत्तर आलेलं नाही. आवाज चढवला नाही, हातवारे नाहीत. न्यायमूर्तींनी एकच प्रश्न विचारला, हे काम नेमकं कसं करतात? वकीलबाईंनी दोन्ही हात वर धरून अंगठा आणि तर्जनी जुळवली, फास ओढल्यासारखं केलं. महिन्याभरापूर्वी त्या आमच्या अंगणात बसून आईकडून ते शिकून गेल्या होत्या. मागच्या बाकावर आईची डावी बोटं मांडीवर आपोआप हलत होती.

निकालात उत्पन्न महिना 8,000 धरलं. त्यात 25 टक्के भर, 10,000. वर्षाचे 1,20,000, गुणक 13, कमाईच्या क्षमतेची हानी 35 टक्के: 5,46,000. उपचाराच्या काळातली बुडालेली कमाई तीनऐवजी सहा महिन्यांची, 48,000. वेदनांसाठी 75,000. जगण्यातलं सुख हिरावलं त्यासाठी 50,000, हा भाग खाली नव्हताच. आहार, प्रवास आणि मदतनीस मिळून 40,000. औषधपाणी तेच 41,300. एकूण 8,00,300 रुपये, आणि वाढीव रकमेवर अर्जाच्या तारखेपासून व्याज. आम्ही मागितले होते सहा लाख. मागणीपेक्षा न्याय्य भरपाई जास्त होत असेल तर ती देता येते, हे सर्वोच्च न्यायालयाने 2002 मध्ये नागप्पा खटल्यातच सांगून ठेवलेलं आहे. वरच्या रकमेचं न्यायशुल्क भरावं लागलं एवढंच.

35 टक्के कमी आहेत का? माझ्या मनाला कमीच वाटतात. ज्या कामातून ती कमवत होती ते काम पूर्ण गेलं. वकीलबाई म्हणाल्या, ती दुसरं काही करू शकते, बसून विकू शकते, असा विचार न्यायालयाने केला आहे, आणि तो अगदीच चुकीचा म्हणता येणार नाही. आई आता खरंच दुसऱ्या बायकांच्या फांत्या विकायला बसते, आठवड्यातून तीन दिवस. आम्ही तिथेच थांबलो.

एक बदल सांगून ठेवते, कारण आमचा काळ वेगळा होता. 1 एप्रिल 2022 पासून कायद्यात दावा लावायला अपघातापासून सहा महिन्यांची मुदत आली आहे, आणि वादातली रक्कम एक लाखाच्या आत असेल तर अपील करता येत नाही; आधी ही मर्यादा दहा हजार होती. म्हणून दुखण्यातून उठेपर्यंत थांबू, मग बघू, असं म्हणू नका. माणूस खाटेवर असतानाच घरातल्या कुणीतरी एकाने कागदांना लागावं.

निकालाची प्रत हातात आली त्या संध्याकाळी मी ओसरीवर बसून आईला ती वाचून दाखवली, इंग्रजी वाक्य वाचायचं आणि मराठीत सांगायचं. बाबा दाराशी उभे होते. अकराव्या परिच्छेदात तिच्या कामाबद्दल लिहिलं होतं: हे कुशल काम आहे, दोन्ही हातांच्या बोटांच्या अचूक हालचालींवर ते अवलंबून आहे, आणि अर्जदार हे काम अनेक वर्षे नियमित व्यवसाय म्हणून करत होती.

"नियमित," आई म्हणाली. "परत वाच."

मी परत वाचलं. तिने विचारलं, कामाला काय शब्द घातलाय? मी सांगितला. इंग्रजीत तोच होता, ओवणं.

"ओवणं नव्हे गो," ती म्हणाली, "गुंफणं." आणि शेजारच्या टोपलीतली, कुणीतरी विकायला दिलेली एक फांती उचलून तिने माझ्या हातात दिली, डाव्या हाताने एक जोड बाजूला सारून मला फास दाखवला. "हा बघ. इथे सुई कुठे आहे?"